तेलाने मोजलेली रात्र

आत्याच्या अंगणात गोंधळी मंडळी उतरली तेव्हा मांडवातले हॅलोजन अजून जळत होते. आत्तेभावाचं लग्न होऊन दोन दिवस झाले होते. नवरानवरी तुळजापूरला दर्शन घेऊन आली होती, आणि कुळाचाराप्रमाणे आता देवीचा गोंधळ तेवढा राहिला होता. त्यांच्यातल्या प्रमुख गोंधळ्याने, नाईकांनी, खांद्यावरचं संबळाचं गाठोडं खाली ठेवलं, तांब्याभर पाणी घेतलं आणि आत्याच्या यजमानांना म्हणाले, "मालक, तेवढा मोठा उजेड मालवा. त्यात आईचा उजेड दिसायचा नाही." बटण खाली झालं आणि लोहारा तालुक्यातलं ते अंगण विहिरीसारखं काळं झालं. कुणीतरी काडी ओढली. दिवटी पेटली.

लहानपणापासून मी गोंधळ पाहत आलो आहे. निदान तसं मी समजत होतो. खरं तर मी गोंधळ ऐकत होतो. संबळ कानात बसायचा, आख्यानातले विनोद आठवायचे, आणि दिवटी म्हणजे अंधारात दिसावं म्हणून कुणीतरी धरलेला दिवा, एवढंच वाटायचं. त्या रात्री पहिल्यांदा माझं लक्ष दिवटीवर राहिलं, आणि मग गोंधळाची सगळी रचनाच वेगळी दिसू लागली. ती ज्या क्रमाने दिसत गेली त्याच क्रमाने सांगतो.

आधी वस्तू. लोखंडी दांडा, वरच्या टोकाला सुती चिंध्यांचा घट्ट बांधलेला बोळा, आणि सोबत तेलाची बुधली. घरोघरी दिवटी-बुधली असं जोडनावच आहे, कारण बुधलीवाचून दिवटी घटकाभरही चालत नाही. विजेच्या दिव्याचा उजेड कुठून येतो ते आपल्याला दिसत नाही. दिवटीचा उजेड कुठून येतो, किती उरला आहे आणि तो वाढवायला कुणाला हात उचलावा लागतो, हे अंगणात बसलेल्या प्रत्येकाला दिसत असतं. जाणकारांनी गोंधळाचे दोन प्रकार सांगितले आहेत: काकड्या गोंधळ आणि संबळ्या गोंधळ. ही नावं मी कितीदा तरी वाचली होती. पण त्यातलं एक नाव उजेडावरून पडलं आहे आणि दुसरं आवाजावरून, हे त्या अंगणात बसेपर्यंत माझ्या ध्यानात आलं नव्हतं. ज्यांनी ही नावं ठेवली त्यांना या कलेचा ऐवज कशाकशाचा आहे ते पक्कं ठाऊक होतं.

चौक मांडला गेला. पाट, त्यावर नवं कापड, धान्याची रास, कलश, नारळ, विड्याची पानं, भोवती जोंधळ्याची पाच ताटं वर एकत्र बांधून केलेला इवलासा मांडव. दिवसा पाहिला तर हा चौक कुठल्याही पूजेसारखा दिसतो. दिवटी त्याच्या डाव्या बाजूला आली आणि पाच ताटांच्या पाच सावल्या घराच्या भिंतीवर छतापर्यंत चढल्या. दिवटीवाला जागचा हलला की सगळा सावल्यांचा मांडव भिंतीवरून सरकायचा. त्याने दिवटी खाली घेतली की मांडव उंच व्हायचा, वर धरली की आखडून चौकाच्या पायाशी यायचा. मला वाटलं होतं तो हात अवघडला म्हणून दिवटी खालीवर करतो. तासाभराने कळलं की नाईक गणेशाला, मग देवीला, मग एकेका दैवताला बोलावत होते, आणि ज्याला बोलावलं त्याच्या नावावर दिवटी वर जात होती.

हे आवाहन गोंधळाच्या पूर्वरंगाचा गाभा आहे. तुळजापूरची भवानी, माहूरची रेणुका, कोल्हापूरची अंबाबाई, वणीची सप्तशृंगी, जेजुरीचा खंडोबा, आणि मग गावची, शिवेवरची, मळ्यातली दैवतं. प्रत्येकाला त्याच्या गावासकट बोलावणं जातं. ऐकताना ही नुसती यादी वाटते, आणि पूर्वी मी या वेळी हमखास पेंगायचो. पण तिची चाल ऐकावी. दूरच्या देवाला लांब स्वर, जवळच्याला आखूड. माहूरपर्यंत नाईकांचा आवाज जाऊन यायला जेवढा वेळ लागतो तेवढा गावच्या मरीआईला लागत नाही. अंतर इथे वेळेत मोजलेलं आहे. झीलकरी शेवटचा स्वर उचलतात, ओढतात, तो संपायच्या आत संबळावर पुढच्या देवाची थाप पडते. महाराष्ट्राचा नकाशा त्या अंगणात आवाजाने काढला जात होता, आणि त्या नकाशावर दिवटी ठिपके देत होती.

संबळाविषयी थोडं सविस्तर लिहायला हवं. जोडीतला एक उंच बोलतो, दुसरा खर्जात. दोन्ही कमरेला बांधून काड्यांनी वाजवतात; त्यातल्या एका काडीचं टोक वळलेलं असतं. तुणतुण्याला एकच तार, आणि तिच्याकडून सूर आणि ताल ही दोन्ही कामं करून घ्यायची असतात. या तुणतुण्याची जन्मकथा गोंधळी सांगतात ती भीषण आहे. परशुरामाने बेटासुर नावाच्या दैत्याला मारलं, त्याच्या डोक्याच्या कवटीत त्याचीच शीर तार म्हणून ओवली, ते वाद्य खांद्यावर घेतलं आणि 'तिंतृण तिंतृण' असा आवाज काढत तो आपल्या आईला, रेणुकेला, वंदन करायला आला. अंगणात दिवटीच्या उजेडात तुणतुण्याचं ते लहानसं भांडं पाहताना ही कथा खोटी वाटत नाही. त्याचा आवाज खरोखरच गळ्याच्या फार जवळून येतो.

पण त्या रात्री संबळ मला परका वाटला. आत्याचं जुनं घर माळवदाचं होतं. दगडमातीच्या हातभर रुंद भिंती, लाकडाचे खण, वर मातीचा जाड थर. त्या घरात संबळ वाजला की भिंती आवाज पिऊन टाकायच्या. कानावर यायचा तो मऊ, गोल, थोडा उशिरा आल्यासारखा. ते घर ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटे तीन वाजून ५६ मिनिटांनी भूकंपात बसलं. आताचं घर पुनर्वसनातलं आहे: सरळ रेघेत, सारख्या आकाराचं, काँक्रीटच्या छताचं. त्याची भिंत संबळाची प्रत्येक थाप जशीच्या तशी परत फेकते. पहिला अर्धा तास मला तो आवाज कडक वाटला. मग जाणवलं की गोंधळी या भिंतीवर वाजवत होता. थाप मारून तो किंचित थांबत होता, भिंतीकडून थाप परत येऊ देत होता, आणि तिसरी थाप त्या दोघींच्या मागे बसवत होता. घर बदललं तसा त्याने ठेका बदलून घेतला होता. भूकंपानंतरच्या गावांविषयी पुष्कळ लिहिलं गेलं आहे. तिथल्या संबळाचा आवाज बदलला, हे मात्र कुणी लिहिल्याचं माझ्या वाचनात नाही. म्हणून इथे नोंदवून ठेवतो.

आता काळ. गोंधळ रात्री सुरू होतो आणि पहाटे संपतो, हे सगळ्यांना माहीत आहे. पण मधली रात्र कशाने मोजायची? घड्याळ भिंतीवर होतं, त्यावर उजेड पोचत नव्हता. ती रात्र बुधलीने मोजली जात होती. दिवटीचा बोळा कोरडा पडायला लागला की ज्योत पिवळी सोडून तांबडी होते, कडेने धुरकटते, आणि उजेडाचं कडं आत आत येऊ लागतं. आधी मागे बसलेल्या बायकांचे चेहरे दिसेनासे होतात, मग भिंत, मग जोंधळ्याच्या सावल्या. शेवटी चौक आणि नाईकांची पगडी एवढंच उरतं. तेवढ्यात बुधली कलते. तेल बोळ्यावर पडताना फुर्र असा आवाज होतो, ज्योत हातभर उसळते आणि सगळं अंगण परत येतं. नाईक या उसळीची वाट पाहून पुढचं कडवं धरत होते. निदान दोनदा मी असं पाहिलं की कडवं संपत आलं तरी ज्योत चांगली होती, तेव्हा त्यांनी झीलकऱ्यांकडून शेवटची ओळ आणखी घोळवून घेतली आणि दिवटीला खाली बसू दिलं. उजेड आख्यानाला थांबवत होता, आणि आख्यान उजेडासाठी थांबत होतं.

प्रकाश, ध्वनी आणि काळ यांची मिळून एक नवी कला घडवावी, हे स्वप्न जगात अनेकांनी पाहिलं. रशियन संगीतकार स्क्र्याबिनने १९१०मध्ये पूर्ण केलेल्या 'प्रोमेथिअस'च्या स्वरलिपीत वाद्यांच्या ओळींबरोबर प्रकाशाचीही एक ओळ लिहिली. १९११च्या पहिल्या प्रयोगात ती ओळ मुकीच राहिली, आणि १९१५मध्ये न्यूयॉर्कला कार्नेगी हॉलमध्ये रंगीत प्रकाशासह ती रचना वाजली तेव्हा स्क्र्याबिन तिथे नव्हता. थॉमस विल्फ्रेडने १९२२पासून न्यूयॉर्कमध्ये आपल्या क्लॅव्हिलक्स या यंत्रावर प्रकाशाच्या मैफली केल्या आणि आपल्या कलेतून ध्वनी बाजूला ठेवायचा आग्रह धरला. फ्रान्समधल्या शांबोरच्या राजवाड्यावर १९५२ साली ध्वनिप्रकाशाचा पहिला खेळ झाला. तिथून ती रीत जगभर गेली, आपल्या लाल किल्ल्यापर्यंत आली. या सगळ्यांविषयी मला आदर आहे. स्क्र्याबिनचं स्वप्न तर मला फार जवळचं वाटतं. पण त्याच्या रचनेत प्रकाश स्वरांच्या मागे चालतो, विल्फ्रेडकडे स्वरच नाही, आणि किल्ल्यावरच्या खेळात काळ आधीच ध्वनिमुद्रित झालेला असतो, रोज रात्री तितकाच. आत्याच्या अंगणात तिन्ही गोष्टी एकमेकींवर अवलंबून होत्या आणि तिन्ही एकाच वेळी खर्च होत होत्या. तेल, गळा आणि रात्र.

गोंधळ कुणी एकाने घडवलेला नाही, आणि त्याचा उगम एका गावात दाखवता येत नाही. उमरग्याच्या पलीकडे कर्नाटकाची हद्द ओलांडली की बसवकल्याण लागतं. ते चालुक्यांचं कल्याणी. तिथल्या सोमेश्वर राजाशी 'गोंडली' नावाच्या नृत्याची हकीकत जोडलेली आहे, ती तेराव्या शतकातल्या जायसेनापतीच्या 'नृत्तरत्नावली'त येते. गोंधळ हा शब्द त्या गोंडलीतून आला असं मानणारे अभ्यासक आहेत. मला या जोडणीत व्युत्पत्तीपेक्षा भूगोल आवडतो. कल्याणी, तुळजापूर आणि माहूर यांच्यामधल्या पठारावर ही कला शेकडो वर्षं पायी हिंडली आहे. रेणुराई गोंधळी माहूरच्या रेणुकेचे, कदमराई तुळजाभवानीचे. आमच्या अंगणात आलेले नाईक कदमराई होते, गळ्यात कवड्यांची माळ.

आणि तुळजापूरची देवीही काळाचं एक आगळं गणित सांभाळते. बालाघाटाच्या कड्यावरची ही मूर्ती चल आहे. वर्षातून तीनदा तिला सिंहासनावरून उचलून पलंगावर निजवतात. शारदीय नवरात्राआधी घोरनिद्रा, दसऱ्याच्या सीमोल्लंघनानंतर आश्विन पौर्णिमेपर्यंत श्रमनिद्रा, आणि शाकंभरी नवरात्राआधी मोहनिद्रा. महिषासुराशी लढून देवी थकते, म्हणून तिला विसावा हवा, हा विचार मला फार मोठा वाटतो. ज्या देवीचं वर्ष झोप आणि जाग यांनी आखलेलं आहे, तिच्या कुळाचाराला रात्रभर जागण्याखेरीज दुसरा कुठला आकार शोभला असता? लेकराने जागायचं, आईसाठी.

मध्यरात्रीच्या सुमाराला करपल्लवी झाली. गोंधळ्यांची ही बोटांची भाषा. नाईकांचा साथीदार चौकाच्या पलीकडे पाठ करून उभा राहिला. आत्याने नाईकांच्या कानात एक नाव सांगितलं. साथीदार वळला. नाईकांनी उजव्या हाताची बोटं हलवायला सुरुवात केली आणि संबळ थांबला, तुणतुणं थांबलं, झांजही थांबली. दिवटीवाला दोन पावलं पुढे आला आणि त्याने दिवटी नाईकांच्या हाताशी धरली, इतकी जवळ की आच लागत असणार. पन्नासएक माणसं श्वास रोखून पाच बोटं पाहत होती. ज्योतीची फडफड आणि मागे एका लहान मुलाचं खोकणं, एवढाच काय तो आवाज. बोटं थांबली. साथीदाराने आत्याच्या सासूबाईंचं नाव मोठ्याने उच्चारलं. भूकंपात गेलेल्या, त्या जुन्या माळवदाखाली. आत्याने तेच नाव निवडलं होतं.

लोक याला खेळ म्हणतात आणि टाळ्या वाजवतात. त्या रात्रीही वाजल्या, पण उशिरा. मला यात गोंधळाच्या रचनेतली सर्वात धाडसी जागा दिसली. दोन-तीन तास आवाजाने भरून ठेवलेल्या अंगणातून आवाज काढून घ्यायचा आणि अर्थाचं सगळं ओझं उजेडावर टाकायचं. एक नाव कानातून बोटांत, बोटांतून उजेडात, उजेडातून डोळ्यांत आणि तिथून पुन्हा गळ्यात आलं. हॅलोजन चालू असता तर हे पाहायला सोपं गेलं असतं आणि पाहावंसं वाटलं नसतं.

मग उत्तररंग. नाईकांनी जांभूळ आख्यान लावलं. शाहीर विठ्ठल उमप यांनी ते रंगमंचावर गाजवलं, आणि पुष्कळांना ते त्यांच्याच आवाजात ठाऊक आहे. नाईकांनी सांगितलेली कथा थोडक्यात अशी: वनात पांडवांच्या हातून ऋषीचं जांभूळ तुटतं. प्रत्येकाने मनातलं खरं सांगितलं तर फळ पुन्हा देठाला लागेल. पाच भाऊ खरं बोलतात, फळ वर चढतं. द्रौपदी बोलते आणि ते अधांतरी थांबतं, कारण कर्णाविषयी मनात उठलेली ओढ तिने सांगितलेली नसते. या आख्यानाचं बळ त्या थांबण्यात आहे. कथेतला काळ तिथे लोंबकळतो.

संपादणीत साथीदाराने पुष्कळ हसवलं. भीमाच्या सत्यावर बायका पदर तोंडाला लावून हसल्या. हसणं ओसरायच्या आत नाईक द्रौपदी झाले. पगडी तशीच, झगा तसाच, फक्त मान खाली आणि उपरणं डोक्यावरून. त्यांनी संबळाकडे पाहिलं, आणि संबळाने दोन्ही काड्या सोडून बोटांच्या टोकांनी वाजवायला सुरुवात केली. फळ अधांतरी. दिवटी तांबडी होत चाललेली. उजेडाचं कडं आत येत येत द्रौपदीच्या पायाशी आलं, आणि बुधली जागची हलली नाही. दिवटीवाला उभा होता, बुधली हातात होती, आणि तो तेल घालत नव्हता. कुणीतरी मागून "तेल, तेल" म्हणालं. त्याने ऐकलं नाही. नाईकांचा चेहरा दिसेनासा झाला तेव्हा त्या काळोखातून द्रौपदी बोलली. एक वाक्य, गद्यात, आमच्याकडच्या बायका बोलतात तसं. मग बुधली कलली. ज्योत उसळली, संबळावर काड्या पडल्या, झीलकऱ्यांनी आवाज उचलला, आणि जांभूळ देठाला लागलं हे कुणी सांगायची गरज उरली नाही.

कबुली काळोखात करू देणं, ही त्या दिवटीवाल्याची द्रौपदीवरची माया होती. ठरलेलं होतं की त्याला त्या क्षणी सुचलं, हे मी त्याला विचारलं नाही. रात्रभर त्याने एक शब्द उच्चारला नव्हता, आणि गोंधळावर लिहिणारे आम्ही लोक त्याला कलावंतांत मोजत नाही. मोजायला हवं. नाट्यगृहात गोंधळ होतो तेव्हा मला त्याची उणीव सर्वात आधी जाणवते. रंगमंचावर दिवटी असते, पण वरून दिवे तिच्यावर पडतात, आणि ती नुसती शोभेची होते. तिची तेलाची भूक कुणाला दिसत नाही. मग संबळाला थांबायला कारण उरत नाही, तो एकसारखा वाजत राहतो आणि चाळीस मिनिटांत गोंधळ संपतो.

आख्यान संपलं तेव्हा पावणेचार झाले असावेत. आमच्या त्या भागात जुनी माणसं त्या वेळी आपोआप जागी होतात. अनंत चतुर्दशीचं विसर्जन करून गाव निजलं होतं आणि त्या वेळेला जमीन हलली, त्याला आता तीस वर्षं उलटून गेली. आत्या दर रात्री उठते, पाणी पिते, पुन्हा आडवी होते. त्या रात्री ती उठली नाही, कारण ती जागीच होती, माणसांत बसलेली, मांडीवर कुणाचं तरी झोपलेलं पोर. नाईकांनी थोडा वेळ काहीच म्हटलं नाही. संबळावर बारीक ठेका तेवढा चालू राहिला. मग कुणीतरी 'आई राजा उदो उदो' केलं आणि सगळं अंगण उठून उभं राहिलं.

आरतीच्या वेळी पूर्वेकडे फटफटलं होतं. नवरानवरीने दिवटी दोघांच्या हातात धरून चौकाभोवती फिरवली. ज्योत चांगली मोठी होती, पण तिच्या सावल्या भिंतीवर उमटेनाशा झाल्या होत्या. आधी ताटांच्या सावल्यांची टोकं गेली, मग मधलं सगळं, आणि शेवटी भिंत नुसती भिंत राहिली, पुनर्वसनातली, पोपडे आलेली. नव्या उजेडात नाईकांचा चेहरा मी पहिल्यांदा नीट पाहिला. रात्री वाटले होते त्याहून ते बरेच म्हातारे होते.

आमच्याकडे दिवटी फुंकत नाहीत. दुधात शांत करतात. आत्याने पितळेच्या भांड्यात दूध आणलं आणि दोन्ही हातांनी पुढे धरलं. दिवटीवाल्याने दिवटी कपाळाला लावली, उलटी केली आणि दुधात बुडवली. चर्र असा आवाज झाला, लांबलचक, थेट शेवटपर्यंत ऐकू येणारा. करपलेल्या दुधाचा आणि तेलाचा वास अंगणभर पसरला. तो आवाज पुरता थांबेपर्यंत नाईकांनी संबळाची गाठ सोडली नाही.